मावशीचा चायनीज चहा

परवा मावशीचा फोन. "तू चीनला जातोस ना रे, तो तिकडचा वजन उतरवायचा चहा चांगला असतो का?" हे विचारायच्या आधी बाईंचा तो आठ दिवस पिऊन झाला होता. दीड किलो उतरलं म्हणे. उतरेल नाहीतर काय! दिवसातून चारदा पळावं लागत होतं.

पाकिटाचा फोटो मागवला. पुढे ड्रॅगन, धुक्यातले डोंगर, लाल अक्षरं. मागे चष्मा लावूनही दिसणार नाही अशा अक्षरांत 'सेना लीफ'. म्हणजे आपली सोनामुखी! लहानपणी पोट साफ होत नसलं की आजी रात्री भिजत घालून सकाळी गाळून द्यायची, तीच. गंमत म्हणजे चिनी भाषेत तिचं नाव 'फान-शिये-ये', अर्थ 'परदेशी जुलाबाचं पान'. तिची शेती तमिळनाडूत तिरुनेलवेली भागात होते, बाजारात ती त्याच गावाच्या नावानं ओळखली जाते. आपलंच पान, वर ड्रॅगन छापला की मावशी त्याला चारपट पैसे मोजते.

आणि वजनाचं म्हणाल तर सोनामुखी काम करते मोठ्या आतड्यात. जेवणातलं सत्त्व त्याच्या आधी लहान आतड्यातच शोषून झालेलं असतं. कमी होतं ते अंगातलं पाणी. रोज घेत राहिलं तर पोटॅशियमही जातं, आणि मावशी बीपीची गोळी घेते, म्हणजे तिनं जास्तच जपायला हवं.

पण यात चिनी माणसाला शिव्या घालू नका, कारण तिथला खरा हर्बल चहा मी प्यायलोय. कँटन फेअर या व्यापारी प्रदर्शनासाठी ग्वांगचौला (म्हणजे जुन्या कँटनला) माझ्या फेऱ्या झाल्या आहेत. पहिल्याच वेळी रोज तळलेलं आणि झणझणीत खाऊन चौथ्या दिवशी तोंड आलं. आमची दुभाषी मुलगी म्हणाली, "उष्णता झाली." अक्षरशः हाच अर्थ! मग एका बोळातल्या दुकानात घेऊन गेली. पितळेची भोपळ्याच्या आकाराची भलीमोठी भांडी, त्यांना तोट्या, समोर वाडग्यांची रांग. याला म्हणतात 'लियांगछा', थंडावा देणारा चहा. चहापत्तीचा त्यात कणही नसतो, आणि थंड म्हणतात तरी बऱ्याचदा गरमच देतात. 'चोवीस चवी' नावाचा प्रकार प्यायलो. चोवीस कसल्या, एकच चव, काडेचिराईताची! नंतर एक आंबटगोड सुकवलेलं फळ हातावर ठेवतात म्हणून माणूस टिकतो.

आपल्याकडे आंबे जास्त झाले की उष्णता, त्यांच्याकडे लिची. 'एक लिची, तीन आगी' अशी त्यांची म्हणच आहे. दमट, उकाड्याच्या मुलखात हे शहाणपण आपोआप येत असावं. 2006 मध्ये चीननं लियांगछाला राष्ट्रीय सांस्कृतिक वारशाच्या यादीत घातलं. ग्वांगतुंग (ग्वांगचौ ज्यात येतं तो प्रांत), हाँगकाँग, मकाव तिघांचा मिळून तो वारसा.

मला जास्त मजा वाटली ती 'पाच फुलांच्या' चहाची. शेवंती, पांढरा चाफा, काटेसावर, हनीसकल (एका वेलीचं फूल), आणि पाचवं फूल दुकानागणिक बदलतं. शेवंतीची आपण वेणी करतो, चाफा देवळासमोर, आणि सावर? माळावर लालभडक फुलते, गळते, कुणी वाकून बघत नाही. ग्वांगचौचं ते शहर-फूल आहे. गळालेली फुलं म्हाताऱ्या गोळा करून वाळवतात. (हे वाचून कुणी दारातला चाफा उकळायला घेऊ नका. त्याचा चीक बाधतो आणि शेवंतीवर फवारणी किती असते ते शेतकऱ्याला विचारा.)

फायदे? घसा दुखतोय, तोंड आलंय, ऊन लागलंय, तेव्हा गरम पातळ काहीतरी पोटात गेलं की बरं वाटतं, हे मी मानतो. हनीसकलवर प्रयोगशाळेत बरंच काम झालंय, पण काचेच्या नळीत जंतू मरणं आणि माझ्या घशातले मरणं यात फरक आहे. कर्करोग, मधुमेह, 'विषद्रव्यं बाहेर' वगैरे जे फॉरवर्ड फिरतं, तसलं काही त्या दुकानातली बाई बोलली नाही. उलट तिनं मलाच विचारलं, जुलाब होतायत का? पोट नाजूक असेल तर देत नाही म्हणाली. गरोदरपणात आणि पाळी चालू असताना तर कँटनी लोक हा चहा टाळतातच.

वांगलाओजी या ब्रँडच्या तयार लियांगछाचे लाल डबे मिळतात तेही त्याच परंपरेतले, मूळ दुकान 1828 चं. पण डब्यावरचे घटक वाचा. पाण्यानंतर दुसरा नंबर साखरेचा. सरबत म्हणून प्या, मस्त लागतं, औषध म्हणून नको. आणि ज्येष्ठमध असलेला कुठलाही काढा बीपीवाल्यांनी रोज रिचवू नये, तो चिनी असो की आपल्या आजीचा.

हे सगळं मावशीला सांगितलं. शांतपणे ऐकून घेतलं तिनं. मग म्हणाली, "बरं, मग उरलेल्या बावीस पुड्या तुझ्या काकांना देऊ का? त्यांना कधीपासून साफ होत नाहीये."