परत तीच केबल, परत तीच बोंब

वैताग आलाय नुसता! गाडी रॅम्पवर, गिऱ्हाईक स्टुलावर बसून घड्याळ बघतंय, आणि गाडीतले दोष वाचायला लॅपटॉपला जोडतो ती केबल लावली, तर लॅपटॉप म्हणतो इंटरफेस (म्हणजे ही केबलच) सापडला नाही. काल संध्याकाळपर्यंत चांगली धडधाकट चालत होती ही केबल! रात्री पोराने सॉफ्टवेअर अपडेटला 'हो' म्हटलं, झालं, केबलच्या चिपमधलं फर्मवेअर, म्हणजे तिला चालवणारा प्रोग्रॅम, उडालं. या वर्षातली ही तिसरी वेळ.

आता पुन्हा केबलची डबी उघडा, आतल्या एटीमेगा १६२ चिपला सहा बारीक वायरी सोल्डर करा, चिपमध्ये फर्मवेअर भरणारा प्रोग्रामर जोडा. चिपची सिग्नेचर, म्हणजे तिची ओळखखूण, १ई ९४ ०४ अशी यायला हवी, येतात नुसती शून्यं. का, तर रीसेटची वायर केसभर सुटलेली. ती लावली की फ्यूज बिट, म्हणजे चिपच्या मूळ सेटिंग्ज. तिथे क्लॉकची, म्हणजे चिपला चालवणाऱ्या ठोक्यांची, सेटिंग चुकून बाहेरच्या क्लॉकवर गेली, की तो क्लॉक पुरवेपर्यंत चिप हूं की चूं करत नाही.

विकणारा बिनदिक्कत सांगतो, "अपडेट करायचंच नाही." अरे, मग खोक्यावर ठळक छाप ना तसं! अर्धा दिवस गेला माझा, आणि त्या माणसाची गाडी अजून रॅम्पवरच आहे.