दावा दाखल झाला म्हणून सातबारा गोठत नाही

‘कोर्टात दावा दाखल झाला की सातबारा सील. फेरफार (हक्कबदलाची नोंद) नाही, विक्री नाही. जुनी कागदं सरकारी दप्तरात असतातच, ऑनलाइन उताराही कधीही निघतो.’ महाराष्ट्रात फिरणाऱ्या या निरोपाचं शेवटचं वाक्य सगळ्यात महागात पडतं.

‘फेरफार होत नाही.’ होतो. नुसता दावा तलाठ्याचा हात धरत नाही, त्यासाठी मनाई हुकूम लागतो (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश 39). नुसता ‘जैसे थे’चा हुकूम पुरत नाही. तो ताब्यापुरता की नोंदीपुरता, यावर पुढे वाद होतो. अर्जात गट क्रमांक लिहून नोंदीबद्दल स्पष्ट मागणी करा. महसूल अधिकारी बहुधा पक्षकार नसतात, म्हणून हुकमाची प्रमाणित प्रत तलाठी, मंडळ अधिकारी आणि तहसीलदारांकडे देऊन पोच घ्या. फेरफाराची नोटीस (नमुना 9) आली तर 15 दिवसांत लेखी हरकत घ्या, म्हणजे प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत (6अ) जातं. मात्र हरकत म्हणजे स्थगिती नव्हे.

‘विक्री होत नाही.’ मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम 52 विक्री अडवत नाही, घेणाऱ्याला निकालाने बांधतं. त्यासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून ठेवा.

‘कागदं असतातच.’ सगळी नाही. दप्तराचे अ, ब, क, ड वर्ग असतात. अ कायम, ब 30 वर्षं, तर ड अवघं एक वर्ष. मुदत संपलेलं नियमाने नष्ट होतं. नियमाबाहेर नष्ट केलं तर 2005 च्या सार्वजनिक अभिलेख कायद्याखाली 5 वर्षांपर्यंत कैद किंवा 10,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण शिक्षेने कागद परत येत नाही.

जुना हस्तलिखित सातबारा नीट पाहा. नावाजवळच्या वर्तुळातला आकडा म्हणजे फेरफार क्रमांक, कंसातलं नाव म्हणजे कमी केलेलं नाव. पुनर्लेखनात, म्हणजे उतारा नव्याने लिहिताना, कंसातली नावं नव्या उताऱ्यावर उतरत नाहीत. वाद बहुतेकदा त्याच नावांचा असतो! म्हणून प्रत्येक पुनर्लेखनाआधीचा उतारा काढा आणि वर्तुळातले क्रमांक धरत मागे जा. फेरफाराच्या पानावर थांबू नका. वर्दी (फेरफारासाठी दिलेली खबर), वारसांचे जबाब, नोटिशीच्या पोचा अशी अख्खी संचिका मागा. आधी गहाळ होते ती हीच.

‘ऑनलाइन उतारा कधीही निघतो.’ निघतो, पण पुरत नाही. बिनसहीचा उतारा फक्त माहितीसाठी. 15 रुपयांचा डिजिटल सहीचा उतारा अधिकृत आहे, पण तो आजची स्थिती सांगतो, 1975 ची नाही.

‘अभिलेख उपलब्ध नाही’ हे तोंडी ऐकून परत फिरू नका, लेखी घ्या. मूळ कागद मिळत नाही हे दाखवल्याशिवाय तुमच्याकडची झेरॉक्स दुय्यम पुरावा (मूळ कागदाऐवजीचा) म्हणून पुढे करता येणं अवघड.