गुलार्डी: 'नुसती टवाळी' या आक्षेपाला उत्तर

नमस्कार,

गुलार्डी म्हणजे अमेरिकेतल्या क्लीव्हलँडच्या टीव्हीवर रात्री उशिरा भयपट दाखवणारा विनोदी सूत्रधार; त्याच्यावरच्या माझ्या लेखाला तुम्ही चांगलंच फैलावर घेतलंत. 'छान लेख' म्हणून पुढे जाणाऱ्यांपेक्षा हे मला केव्हाही चालेल. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: सिनेमे दुसऱ्यांचे, हा फक्त मधेमधे येऊन त्यांची टर उडवणार, पार्मा गावच्या स्थलांतरितांना हसणार आणि चार वर्षांत गाशा गुंडाळणार, याला कारकीर्द म्हणायचं का? शिवाय टीव्हीवर असेच भयपट दाखवणारी व्हॅम्पायरा याच्या कितीतरी आधीची, तिचं काय?

सिनेमे दुसऱ्यांचे, हे अगदी खरं. हा धंदाच तसा उभा राहिला. १९५७ मध्ये स्क्रीन जेम्स या वितरक कंपनीने युनिव्हर्सल स्टुडिओचे ५२ जुने सिनेमे 'शॉक!' या नावाने गठ्ठ्याने स्थानिक टीव्ही स्टेशनांना विकले. रात्री उशिराची वेळ, स्वस्तातला माल. मग तो खपवायला कुणीतरी चेहरा हवा. फिलाडेल्फियात जॉन झॅकर्ली उभा राहिला, गावोगावी आणखी कुणीकुणी. क्लीव्हलँडच्या डब्ल्यूजेडब्ल्यू स्टेशनच्या आठ नंबरच्या चॅनेलवर जानेवारी १९६३ मध्ये अर्नी अँडरसन गुलार्डी बनून आला, तेव्हा त्याच्या वाट्याला बहुतेक गाळच होता. उत्तम सिनेमांचा त्याने विचका केला असता, तर मी तुमच्याच बाजूने भांडलो असतो. पण सिनेमा भिकार आहे हे तो प्रेक्षकांना सरळ सांगायचा. कुठल्या स्टेशनाला हे परवडतं?

आणि मधे येणं म्हणजे तरी काय, ते बघा. पडद्यावर गुहेत राक्षस माणसाच्या मागे लागलाय, आणि अचानक त्याच चौकटीत गुलार्डी जीव घेऊन पळतोय! खोटी दाढी, प्रयोगशाळेतला पांढरा कोट, एकच काच असलेला गॉगल. ही करामत चक शोडोव्स्की या इंजिनिअरची, आणि कार्यक्रम थेट प्रक्षेपित. संवाद पाठ करणं अँडरसनला जमत नसे, त्यामुळे बोलणं ऐनवेळी सुचेल ते. आपल्या दूरदर्शनवर 'व्यत्ययाबद्दल क्षमस्व'ची पाटी लागायची. हा माणूस म्हणजे हौसेने घातलेला व्यत्यय, आणि क्षमा मागायचं नाव नाही. प्रेक्षकांनी पाठवलेल्या मॉडेल गाड्या फटाके लावून उडवायचा, तेही स्टुडिओत. (व्यवस्थापनाची झोप उडाली असणार, पण वेळच ती होती.)

पार्माचा मुद्दा मात्र मला झटकून टाकता येत नाही. पोलिश, युक्रेनियन वस्ती असलेलं हे क्लीव्हलँडचं उपनगर. पांढरे मोजे, अंगणातले गुलाबी फ्लेमिंगो, पोल्का संगीत यांवरून तो त्याची रेवडी उडवायचा. गावच्या पुढाऱ्यांनी तक्रारी केल्या, आणि त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. पण 'पार्मा प्लेस' या प्रहसनांत त्याच्याबरोबर काम करणारा शोडोव्स्की स्वतः पोलिश वंशाचा होता. बाहेरून कुणी येऊन गरिबांना हसला, एवढं सरळ ते नव्हतं. शिवाय टपल्या वरच्यांनाही होत्याच: दुसऱ्या चॅनेलवरच्या वजनदार बातमीदार डोरोथी फुल्डहाइम यांना तो 'डोरोथी बेबी' म्हणायचा.

चार वर्षं. त्याचं उत्तर सोपं आहे: अँडरसनचं खरं पोट आवाजावर होतं. दाढी लावली तीही निवेदकाच्या कामाला गुलार्डी चिकटू नये म्हणून. १९६६ च्या अखेरीस तो लॉस एंजेलिसला गेला आणि एबीसी या देशभरच्या टीव्ही नेटवर्कच्या जाहिरातींचा आवाज झाला. 'द लव्ह बोट' या मालिकेच्या जाहिरातीतला 'लव्ह' लांबवून म्हणणारा तोच. क्लीव्हलँडमध्ये ती रात्रीची वेळ हुलिहान आणि बिग चक म्हणजे शोडोव्स्की यांनी घेतली, आणि शोडोव्स्की पुढे कित्येक वर्षं तिथेच टिकला. पोरसवदा वयात स्टुडिओत घुटमळणारा रॉन स्वीड १९७१ मध्ये अँडरसनच्या संमतीने 'द गूल' या नावाने तसाच सूत्रधार म्हणून उभा राहिला. एका माणसाची चार वर्षं मोजलीत, तर त्यांच्या मागची ही रांग दिसत नाही.

राहिली व्हॅम्पायरा. तुमचं बरोबर: व्हॅम्पायरा म्हणजे माइला नुर्मी १९५४ मध्येच लॉस एंजेलिसच्या स्टेशनवर आली, काळा घट्ट पोशाख, थंड आवाज, आणि पुढच्या वर्षी कार्यक्रम बंद. पुढे तशाच एका कार्यक्रमातल्या एल्व्हिराने आपलं रूप उचललं म्हणून ती कोर्टात गेली आणि हरली. पण माझा लेख पहिलं कोण यावर नव्हताच. एक स्टेशन, एक गाव आणि त्या गावाच्या अंतर्गत थट्टा, यावर होता. आणि त्या बाबतीत हॉलिवूडच्या दारातल्या व्हॅम्पायरापेक्षा मी गुलार्डीलाच वर ठेवेन. तुम्ही तिच्यावर लिहून पाठवलंत, तर इथे जरूर छापेन.