दगडी पाहुणा कुठे गेला?

‘डॉन जुआन’ या मूकपटाबद्दल कुठेही वाचा, गाडी व्हायटाफोनवर येऊन थांबते. ६ ऑगस्ट १९२६, न्यूयॉर्क, वॉर्नर ब्रदर्सची नवी यंत्रणा. पडद्याच्या तालात फिरणारी तबकडी, तिच्यावर न्यूयॉर्क फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाचं संगीत आणि तलवारींचा खणखणाट. संवाद मात्र पाट्यांवरच. पुढच्याच वर्षी याच दिग्दर्शकाचा, ॲलन क्रॉसलंडचा, ‘द जॅझ सिंगर’ हा बोलपट आला आणि हा सिनेमा इतिहासातली नुसती एक पायरी होऊन बसला.

मला हा अन्याय वाटतो, तो नायक झालेल्या जॉन बॅरीमोरमुळे. बायकांना भुलवून फसवणाऱ्या डॉन जुआनचं हत्यार म्हणजे त्याची जीभ. गोड बोलायचं, लग्नाचं वचन द्यायचं आणि पसार व्हायचं. मूकपटात ती जीभच नाही! बॅरीमोर सगळी भूल डोळ्यांनी आणि नुसत्या मान वळवण्याने घालतो. आणि नायिकेला, आड्रियानाला, सोडवायला छळ करणाऱ्याचं सोंग घेतो तेव्हा तो देखणा चेहरा असा काही पिळवटतो की ओळखू येऊ नये.

कथेचं मात्र वाटोळं केलंय. डॉन जुआनची मूळ कथा सांगणारं, तिर्सो दे मोलिना या स्पॅनिश मठवासी नाटककाराचं नाटक १६३० साली छापलं गेलं. त्यातल्या जुआनला कुणी मरणाची आठवण दिली, की त्याचं उत्तर ठरलेलं: अजून पुष्कळ अवकाश आहे. ज्याला त्याने मारलं त्याच्याच थडग्यावरच्या दगडी पुतळ्याची दाढी ओढून तो त्याला जेवायला बोलावतो. पुतळा येतो. जेवणाचं उलट आमंत्रण देऊन जातो. तिथे तो जुआनचा हात धरतो, तेव्हा कुठे याला पापांची कबुली द्यायला पाद्री आठवतो. तोवर वेळ संपलेली असते.

सिनेमात यातलं काही नाही. सत्ताधारी बोर्जिया घराण्याचं रोम आहे. बापाला बायकोने दगा दिला, म्हणून मुलगा असा झाला. मेरी ॲस्टरची निष्पाप आड्रियाना भेटली, की सुधारला, तिला घेऊन घोड्यावरून निघाला. म्हणजे बिघडवणारी बाई आणि सुधारणारीही बाईच. मधे ज्या फसवल्या गेल्या त्यांच्या वतीने जाब विचारायला कुणीच येत नाही. याचा मला मनापासून राग येतो.

आणि हे कधी, तर आवाज पहिल्यांदा हाताशी आला तेव्हा! तलवारी ऐकवल्या, मग जिना चढणारी दगडी पावलं का नाही ऐकवली? त्याला संवाद लागत नव्हता. दाराकडे बघणाऱ्या बॅरीमोरच्या चेहऱ्यावर तेव्हा काय उमटलं असतं, ते मला बघायचं होतं.