गळा होता म्हणून नाटक मिळालं? आशालताबाईंबद्दलच्या एका संदेशाला उत्तर

गोव्यातल्या नाट्यरसिकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपांवर सध्या गायिका-अभिनेत्री आशालता वाबगावकर यांच्याविषयीचा एक संदेश फिरतोय. सूर कौतुकाचा आहे, पण त्यात चार विधानं अशी पेरली आहेत की शेवटी कौतुकाचं काही उरत नाही. पहिलं, गोव्याने मराठी रंगभूमीला गळे दिले, नट दिले नाहीत, आणि आशालताही गळ्याच्याच जोरावर आल्या. दुसरं, संगीत नाटक मावळलं तेव्हा नाइलाजाने त्या सिनेमातल्या आई-आजीच्या कामांकडे वळल्या. तिसरं, रेडिओ ही त्यांची निव्वळ हौस. चौथं, गोव्याशी नातं जन्मापुरतं, बाकी सगळी मुंबई.

पहिलं विधान अर्धं खरं आहे, म्हणूनच ते जास्त खपतं. गाता येत होतं म्हणून दार उघडलं, हे नाकारण्यात अर्थ नाही. दि गोवा हिंदू असोसिएशन या संस्थेच्या ‘संशयकल्लोळ’मध्ये त्या नायिका, रेवती झाल्या. न गाणाऱ्या बाईला रेवती कोण देणार? पण देवलांचं ते नाटक मुळात विनोदाचं. त्यातला संशय नीट पेटला नाही, रुसव्याचं वाक्य अर्ध्या श्वासाने उशिरा आलं, की पद कितीही रंगो, प्रवेश पडतो. पदाला ‘वन्स मोअर’ मिळवणं आणि त्या वन्स मोअरनंतर पुन्हा भूमिकेत शिरून पुढचं वाक्य बोलणं, यातलं दुसरं काम जास्त अवघड. संगीत नाटकात काम केलेल्या कुणालाही विचारा.

आणि मग ‘मत्स्यगंधा’. 1 मे 1964 ला पहिला प्रयोग झाला. वसंत कानेटकरांचं नाटक, जितेंद्र अभिषेकींचं संगीत, आणि मत्स्यगंधा झालेल्या आशालताबाई. आशालताबाईंची म्हणून जी दोन पदं आपण सगळे गुणगुणतो, ती दोन्ही याच नाटकातली: ‘गर्द सभोवती रान’ आणि ‘अर्थशून्य भासे मज’. पहिलं बालकवींचं, दुसरं खुद्द कानेटकरांचं. मैफिलीत ती एकापाठोपाठ एक येतात, टाळ्या होतात, आणि मध्ये केवढा पल्ला आहे हे कुणाच्या लक्षातही येत नाही. पहिलं पद यमुनेकाठी वाढलेल्या कोळ्याच्या पोरीचं. दुसरं, राजघराण्यात जाऊन, भीष्माच्या प्रतिज्ञेचं ओझं साऱ्या कुळाच्या डोक्यावर ठेवून, अखेर हाती काही न लागलेल्या बाईचं. एका संध्याकाळी, एकाच नटीने, प्रेक्षकांदेखत हे वय काढायचं. ध्वनिमुद्रिका लावून नुसती ऐका. पहिल्या पदात शब्द हलकेच सोडून दिल्यासारखे आहेत. दुसऱ्यात ‘अर्थशून्य’ हा एकच शब्द त्या असा टाकतात की पुढचं काही बोलायची त्या बाईला इच्छाच उरलेली नाही. याला नुसता गळा म्हणायचं असेल तर अभिनय कशाला म्हणायचं?

राहिला ‘गोव्याने नट दिले नाहीत’ हा भाग. 1933 साली ‘आंधळ्यांची शाळा’ने मराठी रंगभूमीला घरात बोलल्यासारखं बोलायला लावलं. त्यातली नायिका ज्योत्स्ना भोळे, जन्म आपल्या बांदिवड्याचा. त्याही गायिकाच. पण त्या नाटकाचं नाव इतिहासात राहिलं ते त्यातल्या नव्या, साध्या अभिनयामुळे. वळवईचे मास्टर दत्ताराम घ्या. त्यांना नट आणि दिग्दर्शक म्हणून ओळखतात, त्यांची पदं कुणी गुणगुणत नाही. 1970 मध्ये ‘नटसम्राट’ रंगमंचावर आणलं तेही गोवेकरांच्याच गोवा हिंदू असोसिएशनने. त्यात कुठलं पद आहे?

दुसऱ्या विधानातला ‘नाइलाज’ तर कालक्रमातच बसत नाही. ‘मत्स्यगंधा’ आलं तेव्हा संगीत नाटक उलट नव्याने उभं राहत होतं. आशालताबाई ‘रायगडाला जेव्हा जाग येते’सारख्या गद्य नाटकांतही कामं करत होत्या. 1980 मध्ये बासू चटर्जींनी त्यांना ‘अपने पराये’मध्ये घेतलं. शरच्चंद्रांच्या कथेवरचा सिनेमा, एकत्र कुटुंब, आणि त्या घरातल्या थोरल्या सूनबाई, सिद्धेश्वरी. भोवती उत्पल दत्त, शबाना आझमी, अमोल पालेकर, गिरीश कर्नाड. ही थोरली सून मनाने चांगली पण कानाची हलकी. जवळ बसून जो बोलेल त्याचं तिला पटतं, आणि घर तिथूनच फुटायला लागतं. असं पात्र कर्कश करणं सोपं, भाबडं करणं त्याहून सोपं. बाईंनी दोन्ही टाळलं, आणि फिल्मफेअरच्या सहायक अभिनेत्रीच्या नामांकनात त्यांचं नाव आलं. या भूमिकेत गाण्याचा आधार त्यांना कुठेच नाही.

हिंदी सिनेमाने पुढे त्यांना आईच्या साच्यात बसवलं, हे मात्र खरं. 1986 च्या ‘अंकुश’मध्ये त्या आजी झाल्या, पंचेचाळिशीत! तो दोष भूमिका वाटणाऱ्यांचा. चरित्र भूमिकेला ‘साइड रोल’ म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी आपल्याकडचंच जत्रेतलं नाटक आठवावं. गावच्या हौशी नाटकाला बाहेरून बोलावलेली स्त्री कलाकार येते ती एका तालमीपुरती. हार्मोनियमवाल्याकडून पट्टी विचारून घेते, वहीत समोरच्याच्या वाक्यांचे शेवटचे शब्द तेवढे लिहून घेते. आज इथे आई, उद्या पलीकडच्या गावात सावत्र आई. समोरचा हौशी नट वाक्य विसरला की तीच ते प्रश्न करून त्याच्या तोंडात घालते. प्रेक्षक म्हणतात, ‘नायक काय रंगला!’ चरित्र अभिनेत्रीचं काम हे असं असतं.

रेडिओची हौस? मुंबई आकाशवाणीवर आशालताबाईंनी कोकणी गाणी गायली. आकाशवाणीवर गायचं म्हणजे स्वरचाचणी पार करून. शिवाय नाटकात आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकावा लागतो, तर मायक्रोफोन वीतभर अंतरावर. तिथे तीच फेक भसाडी वाटते. ना चेहरा, ना पदर, ना प्रकाशयोजना, सगळं उच्चारावर. नाटकातून सिनेमात गेलेले कितीतरी नट कॅमेऱ्यासमोर मोठ्याने बोलत राहिले. बाई तशा बोलल्या नाहीत. माझ्या मते ते श्रेय बरंचसं या माइकचं. आणि ‘मत्स्यगंधा’ची पदं गोव्याच्या घराघरांत पोचली ती तरी कशी? ज्यांना तो प्रयोग कधी बघायला मिळाला नाही त्यांनाही ती पाठ आहेत, रेडिओमुळेच.

चौथ्या विधानावर फार वेळ घालवायला नको. शिक्षण मुंबईत, नोकरी काही काळ मंत्रालयात, सगळं मान्य. पण ज्या संस्थेने त्यांना उभं केलं ती गोवा हिंदू असोसिएशन 1919 साली गोवेकरांनीच मुंबईत काढलेली. ‘मत्स्यगंधा’त संगीतकार मंगेशीचे, दिग्दर्शक मास्टर दत्ताराम वळवईचे, पराशर झालेले रामदास कामत म्हापशाचे, मत्स्यगंधा स्वतः गोव्याची. नाटककार तेवढे नाशिकला राहणारे! पोर्तुगीज अमलात पोटासाठी आणि शिक्षणासाठी मुंबई गाठणाऱ्यांना ‘जन्मापुरते गोंयकार’ ठरवायचं तर आपली निम्मी यादी कापावी लागेल.

‘नशिबाने मिळत गेलं’ असंही त्या संदेशात एका ओळीत आलंय. सप्टेंबर 2020 मध्ये साताऱ्याला ‘आई माझी काळुबाई’ मालिकेचं चित्रीकरण चालू असताना त्यांना कोरोनाने गाठलं, आणि 22 तारखेला त्या गेल्या. वय 79, आणि कामावर. नशिबावर विसंबलेली माणसं त्या वयात सेटवर सापडत नाहीत.

आपल्या नाट्यगीत स्पर्धांच्या आयोजकांना एक सुचवतो. ‘अर्थशून्य भासे मज’ म्हणायला उभ्या राहिलेल्या मुलीला आधी विचारा, हे पद कोण म्हणतंय, कुठल्या प्रवेशात, आणि त्याआधी काय घडलंय. गुण त्यालाही ठेवा.