‘पाठदुखीला एकच कोड पुरतो’ या एक-स्टार रिव्ह्यूला आमच्या मेडिकल कोडिंग क्लासचं उत्तर

नमस्कार. (बाकी वाचणाऱ्यांसाठी: मेडिकल कोडिंग म्हणजे डॉक्टरांच्या नोटमधल्या आजाराला अमेरिकेतल्या आयसीडी-१०-सीएम यादीतला कोड लावणं. विम्याच्या क्लेमवर तोच जातो.) तक्रार नेमकी लिहिलीत, त्यामुळे उत्तरही नेमकं देता येतंय. तुमचं म्हणणं असं: पाठीच्या वरच्या भागाच्या दुखण्यावर दहा केसची टेस्ट होती, तुम्हाला चार मार्क मिळाले, आम्ही उगाच कीस काढतो, एम५४.९ (नुसती ‘पाठदुखी’) टाकला तरी क्लेम जातो आणि आमची पुस्तिका जुनी आहे.

आधी पुस्तिकेचं. तिथे तुमचं बरोबर आहे. केस नऊमध्ये पेशंटची पाठ वर आणि कंबरेतही दुखतेय. तुम्ही एम५४.६ (पाठीचा वरचा भाग) आणि एम५४.५० (कंबर) लिहिलंत, आमच्या उत्तरपत्रिकेत मात्र दुसरा कोड एम५४.५ छापलेला आहे. १ ऑक्टोबर २०२१ पासून एम५४.५ नुसता चालत नाही, त्याचे ५४.५०, ५४.५१ आणि ५४.५९ असे तीन भाग झालेत. चूक आमची, मार्क तुमचा. पाच झाले. एक मात्र लक्षात ठेवा: कोड कोणत्या वर्षाचा लावायचा हे तपासणीच्या तारखेवरून ठरतं, क्लेम पाठवल्याच्या नाही. ३० सप्टेंबर २०२१ च्या व्हिजिटचा क्लेम नोव्हेंबरमध्ये पाठवला असता, तरी तिथे जुना एम५४.५ च बरोबर ठरला असता.

उरलेल्या पाच उत्तरांचे मार्क मात्र देता येणार नाहीत.

केस दोन आणि तीनच्या नोटमध्ये डॉक्टरांनी ‘थोरॅसिक स्पाइन पेन’, म्हणजे पाठीच्या वरच्या भागातल्या मणक्यांचं दुखणं, असं स्पष्ट लिहिलंय. तुम्ही कोडच्या पुस्तकाच्या इंडेक्समध्ये ‘पेन’खाली ‘बॅक’ पाहिलंत, ५४.९ दिसला आणि तिथेच थांबलात. त्याच यादीत खाली ‘स्पाइन’, त्याच्या आत ‘थोरॅसिक’, आणि समोर एम५४.६ आहे. ५४.९ हा जागा सांगितलेली नसतानाचा कोड. नोटमध्ये नुसतं ‘बॅक पेन’ असेल तर तोच बरोबर, आणि आम्हीही तोच देतो. जागा कळत नसेल तर डॉक्टरांना विचारायचं, पण ‘थोरॅसिक लिहू का?’ असं नाही. ‘दुखणं पाठीच्या कोणत्या भागात आहे?’ असं. उत्तर त्यांच्या तोंडी घालायचं नसतं.

‘क्लेम जातो’ हे अर्धंच खरं. ५४.९ वैध कोड आहे, सॉफ्टवेअर तो अडवणार नाही. पण त्याच क्लेममध्ये थोरॅसिक एमआरआय असेल, तर विमा कंपनी विचारते की पाठीच्या नेमक्या याच भागाचा स्कॅन कशासाठी. डायग्नोसिस प्रोसिजरशी जुळत नाही म्हणून सीओ-११, नाहीतर वैद्यकीय गरज दिसत नाही म्हणून सीओ-५० हा नकाराचा कोड येतो. मग नोट काढा, अपील करा. क्लेम गेला म्हणजे पैसे आले असं नाही.

केस पाचमध्ये डॉक्टरांनी लिहिलंय, ‘रूल आउट डिस्क हर्निएशन, एमआरआय सांगितला’, म्हणजे मणक्यामधली चकती सरकली आहे का ते अजून तपासायचंय. तुम्ही चकती सरकल्याचा एम५१.२४ दिला. ही ओपीडीची व्हिजिट आहे. तिथे ‘शक्यता’, ‘संशय’, ‘रूल आउट’ कोड करत नाहीत. लक्षण कोड करायचं, म्हणजे एम५४.६. (ॲडमिट पेशंटच्या डिस्चार्जला नियम उलटा आहे. गोंधळ बहुधा तिथूनच झाला, आणि तो अगदी स्वाभाविक आहे.) उद्या डिस्कच दुखण्याचं कारण असल्याचं डॉक्टरांनी नक्की केलं, की एम५१.२४, नस दबून रॅडिक्युलोपॅथी (नसेचा त्रास) असेल तर एम५१.१४. तेव्हा ५४.६ सोबत लावायचा नाही, त्या कोडखाली तशी एक्सक्लूड्स-वन टीप (‘हे दोन एकत्र लावू नका’) आहे.

केस सहा आणि आठ दुखापतीच्या. अशा कोडच्या शेवटचं अक्षर (ए, डी) उपचाराचा टप्पा सांगतं. सहामध्ये स्नायूचा ताण: एस२९.०१२. तुम्ही दुसरी व्हिजिट म्हणून शेवटी ‘डी’ लावलात. ए म्हणजे पहिली भेट नव्हे. उपचार जोरात चालू आहेत तोवर ए. या पेशंटला इमर्जन्सीत बघितलं, तीन दिवसांनी दुसऱ्या डॉक्टरांनी तपासून उपचार सुरू केले. दोन्ही वेळा एस२९.०१२ए. डी येतो तो बरं होण्याच्या काळातल्या नेहमीच्या फॉलो-अपला. वर तुम्ही एम५४.६ ही जोडलात. ताण आला की दुखणारच, ते दुखणं वेगळं मोजत नाहीत.

आठमध्ये लिगामेंटची लचक. तुम्ही लिहिलंत एस२३.३ए. कोड ओळखलात, पण ए पाचव्या जागी बसला. त्याची जागा सातवी. एस, २, ३, ३ या चार जागा, मग पाचवी आणि सहावी रिकामी म्हणून दोन एक्स, मग ए: एस२३.३एक्सएक्सए. एस२९.०१२ मध्ये सहा जागा आधीच भरलेल्या आहेत, म्हणून तिथे एक्स लागत नाही. याला कीस म्हणा हवं तर, पण हा क्लेम विमा कंपनीच्या माणसापर्यंत पोचतही नाही, मशीनच परत पाठवतं.

उत्तरपत्रिका दुरुस्त केली आहे आणि ही टेस्ट दिलेल्या सगळ्यांचा केस नऊचा मार्क पुन्हा मोजतोय. बाकी पाचांपैकी एखादं उत्तर अजूनही पटत नसेल तर पेपर घेऊन या. फक्त नोटमधल्या कोणत्या ओळीवरून कोड घेतला ती अधोरेखित करून आणा.