क्यू-शिराताकी: त्या व्हायरल फॉरवर्डमधलं स्टेशन

परवा पुन्हा आमच्या फॅमिली ग्रुपवर ते फॉरवर्ड आलं. तुम्हीही वाचलं असणारच. जपानमधलं बर्फातलं छोटंसं स्टेशन, तिथून रोज एकच मुलगी शाळेला जाते आणि तिचं शिक्षण पूर्ण होईपर्यंत रेल्वेने फक्त तिच्यासाठी स्टेशन चालू ठेवलंय, खाली हात जोडलेले इमोजी आणि "आपल्याकडे असं कधी होणार?" मावशीने पाठवलं होतं, तिला तिथे काही बोललो नाही, पण हा विषय माझ्या फार जवळचा आहे म्हणून इथे सविस्तर लिहितोय.

ही गोष्ट जगभर गेली ती जानेवारी 2016 मध्ये, चीनच्या सीसीटीव्ही या सरकारी चॅनेलच्या फेसबुक पोस्टवरून. त्यात स्टेशनचं नाव दिलं होतं कामी-शिराताकी. मुलगी खरी, स्टेशन चुकीचं. ती चढायची दोन स्टेशनं पुढे, क्यू-शिराताकीला. एक फलाट, एक लाकडी खोली, बस एवढंच. सकाळी एंगारु गावाकडे जाणारी एकच गाडी, सव्वासातची, ती चुकली की शाळा बुडाली. परतीच्या तीन गाड्या होत्या. आणि 'फक्त तिच्यासाठी' म्हणाल तर हे स्टेशन बंद करायचा निर्णय जेआर होक्काइदो या तिथल्या रेल्वे कंपनीने प्रवासीच उरले नाहीत म्हणून घेतला होता. जपानमध्ये रेल्वेचं मोठं टाइमटेबल बदलतं मार्चमध्ये आणि शाळेचं वर्ष संपतं तेही मार्चमध्येच. दोन्ही गोष्टी एकाच महिन्यात आल्या आणि लोकांनी त्याची परीकथा केली.

मला राग याचा येतो की या परीकथेखाली त्या गावाची खरी गोष्ट पार दबून गेली, आणि ती कितीतरी मोठी आहे हो.

शिराताकी म्हणजे पांढरा धबधबा. होक्काइदो बेटाच्या आतल्या डोंगरात, थंडीत हाडं गोठतील असा भाग. 1912 मध्ये पार दक्षिणेकडच्या वाकायामाहून 54 कुटुंबं इथे जंगल तोडून शेती करायला आली, आणि त्यांचा म्होरक्या होता मोरिहेई उएशिबा, म्हणजे पुढे ज्यांनी आयकिदो ही युद्धकला सुरू केली तेच. 1917 मध्ये आगीत गाव जळालं, लोकांनी परत उभं केलं. रेल्वे शिराताकीपर्यंत आली 1929 मध्ये, म्हणजे ती माणसं आल्यावर तब्बल 17 वर्षांनी, तोवर सगळं बर्फातून पायी नाहीतर घोड्यावर. डोंगर फोडून पलीकडच्या कामिकावाला रूळ जोडले गेले 1 ऑक्टोबर 1932 ला, सेकिहोकु बोगदा चार किलोमीटरहून लांब आहे. मग एकाच नावाची पाच स्टेशनं ओळीने झाली, ओकु, कामी, नुसतं शिराताकी, क्यू आणि शिमो, म्हणजे आतलं, वरचं, मधलं, जुनं आणि खालचं. आपल्याकडे बुद्रुक-खुर्द असतं ना, तसंच काहीसं. क्यू-शिराताकी 1947 मध्ये नुसता थांबा म्हणून सुरू झालं, पूर्ण स्टेशनचा दर्जा मिळाला थेट 1987 मध्ये, सरकारी रेल्वेचे तुकडे होऊन जेआर कंपन्या झाल्या त्याच दिवशी.

याच लाइनवर, म्हणजे सेकिहोकु लाइनवर, पुढे जोमोन बोगदा आहे, 1914 मध्ये पूर्ण झालेला. तिथे मजुरांना डांबून राबवलं होतं, आणि 1970 मध्ये दुरुस्ती करताना भिंतीतून माणसाचा सांगाडा निघाला. हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नव्हती. हे कुठल्याच फॉरवर्डमध्ये येत नाही.

आता शेवट बघा. 26 मार्च 2016. ओकु आधीच बंद झालं होतं, आता कामी, क्यू आणि शिमो, तिन्ही शिराताकी एकदम बंद झाली, आणि जोमोन बोगद्याजवळचं कानेहानाही त्याच दिवशी. आणि अगदी त्याच दिवशी होक्काइदोमध्ये पहिली शिनकान्सेन, म्हणजे बुलेट ट्रेन सुरू झाली. कंपनी तीच, तारीख तीच, एकीकडे रिबीन कापताहेत आणि दुसरीकडे पाटी उतरवताहेत. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कंपनीने जाहीर केलं की 1,237 किलोमीटर मार्ग आम्हाला एकट्याने चालवणं जमणार नाही, त्यात ही सेकिहोकु लाइनही होती. जिने म्हणे एका मुलीसाठी स्टेशन ठेवलं तीच ही कंपनी. मी कंपनीला खलनायक म्हणत नाही, प्रवासी नाहीत, बर्फ उपसायचा खर्च प्रचंड, पैसा आणायचा कुठून. पण मग तिला देवही करू नका ना. गावातली पोरं संपली, तरुण शहरात गेले, म्हणून त्या फलाटावर शेवटी एकच मुलगी उरली. ही गोष्ट गोड नाहीये, पोटात तुटतं वाचताना.

आता कामिकावाहून निघालेली गाडी थेट शिराताकीला थांबते, 37.3 किलोमीटर मध्ये एकही स्टेशन नाही. बुलेट ट्रेन सोडली तर जेआरच्या मार्गांवर शेजारशेजारच्या दोन स्टेशनांत एवढं अंतर दुसरीकडे कुठेच नाही. हंगामात कितामीच्या कांद्याच्या मालगाड्याही याच रुळांवरून जातात.

मावशीला उद्या फोन करून हे सगळं सांगणार आहे. आणि तुमच्याकडे ते फॉरवर्ड परत आलं तर निदान नाव तरी बरोबर करून पाठवा, क्यू-शिराताकी.